कंद झोपतो, त्याचे विष झोपत नाही

शिवाजी पेठेतले जुने वाडे एकेक करून उतरले आणि त्यांच्या जागी अपार्टमेंट उभ्या राहिल्या, पण पेठेची झाडांची हौस गेली नाही. परसदार गेले आणि गच्ची आली. उभा मारुती चौकातून अर्ध्या शिवाजी पुतळ्याकडे चालत जाताना मान वर केली, तर एकही मजला कुंडीवाचून दिसत नाही. तुळस, जास्वंद, मोगरा, गुलाब ही मंडळी बारमाही असतात. पाणी घातले की ती टिकतात आणि विसरले की कोमेजतात. त्यांचा हिशेब सरळ असतो.

कंदाच्या झाडांचा हिशेब मात्र वेगळा असतो. हिवाळ्यात नर्सरीतून किंवा कुणाच्या भेटीतून घरी आलेले सायक्लेमेन मार्चमध्ये पिवळे पडते. श्रावणात ग्रिलवर चढून लालपिवळ्या फुलांनी पेटलेली कळलावी दिवाळीच्या सुमारास वाळून काडी होते. घरातले म्हणतात, झाड मेले. मग एक तर कुंडी उलटी केली जाते, नाहीतर जगेल या आशेने तिच्यात रोज तांब्याभर पाणी ओतले जाते. दोन्हींत नुकसानच होते. झाड मेलेले नसते, मातीखाली त्याचा कंद जिवंत असतो.

इथपर्यंतचा विषय बागकामाचा आहे. आरोग्याचा विषय पुढे सुरू होतो. झोपलेल्या कंदावर पान नसते आणि फूलही नसते. कुंडीतून बाहेर काढल्यावर तो मातकट, तपकिरी आणि खाण्याच्या कंदासारखाच दिसतो. सायक्लेमेनचा कंद खाल्ला तर पोट बिघडवतो, पण कळलावीचा कंद जीव घेऊ शकतो. कुंडी बदलण्याचा काळ म्हणजे नेमका कंदाच्या झोपेचा काळ, आणि म्हणूनच घरात धोकाही याच दिवसांत जास्त असतो.

झोप कशासाठी?

कंद हे झाडाचे कोठार असते. चांगल्या ऋतूत पाने ऊन आणि पाणी वापरून अन्न तयार करतात आणि उरलेले अन्न पिठूळ पदार्थाच्या रूपात जमिनीखाली साठते. प्रतिकूल ऋतू आला की झाड पाने टाकून देते. पान नाही म्हणजे पाण्याचे बाष्पीभवन नाही आणि खर्चही नाही. पुढच्या हंगामाची चाहूल लागेपर्यंत कंद साठ्यावर जगतो.

आता भरलेले कोठार म्हटले की चोर आलेच. रानडुक्कर, साळिंदर, उंदीर, किडे हे सगळे कंदाच्या मागे असतात. झाडाला पळता येत नाही, म्हणून अनेक कंदांनी साठ्यातच विष कालवून ठेवले आहे. सुरण आणि अळूची खाज हा त्यातला सौम्य प्रकार. त्यांच्यात कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे स्फटिक असतात आणि ते घशाला टोचतात. सायक्लेमेनमध्ये सॅपोनिन गटातली, म्हणजे रिठ्यासारखी फेस आणणारी द्रव्ये असतात. कळलावीत कोल्चिसिन असते. झाडाने साठा राखण्यासाठी केलेली ही सोय आहे, त्यामुळे पाने गळाली म्हणून कंदातले विष जात नाही. झोपेत तर राखण जास्त लागते.

सायक्लेमेनचे वर्ष आपल्या उलटे

सायक्लेमेनचे आपल्याकडे हाल का होतात हे समजायला त्याचे गाव पाहावे लागते. कुंडीत मिळणारी जात मूळची तुर्कस्तान, सीरिया, लेबनॉन या भूमध्य समुद्राच्या पूर्वेकडच्या पट्ट्यातली आहे. तिथे पाऊस हिवाळ्यात पडतो आणि उन्हाळा कोरडा जातो. म्हणून सायक्लेमेन हिवाळ्यात वाढते, फुलते आणि उन्हाळ्यात झोपते. कोल्हापूरच्या हिवाळ्यातली थंड रात्र त्याला मानवते. फेब्रुवारी सरला आणि ऊन तापले की ते आवरते घेते. यात घालणाऱ्याची काही चूक नसते.

घरी ठेवायचे तर पूर्वेच्या किंवा उत्तरेच्या खिडकीत, थेट दुपारचे ऊन लागणार नाही अशा जागी ठेवावे. पाणी कंदाच्या डोक्यावर ओतू नये, तो तिथूनच कुजतो. कुंडी ताटलीतल्या पाण्यात पंधरा-वीस मिनिटे ठेवावी आणि उरलेले पाणी ओतून टाकावे. वाळलेले फूल आणि पिवळे पान कात्रीने अर्धवट कापण्यापेक्षा देठाच्या बुडाशी पिळून काढावे, कारण उरलेल्या देठातून बुरशी आत शिरते. मार्चपासून पाणी कमी करत न्यावे. पाने गेली की कुंडी सावलीत, वारा खेळेल अशा जागी आडवी ठेवून द्यावी. पावसाळ्यात ती गच्चीवर राहिली तर कंद सडलाच म्हणून समजावे.

कुंडी बदलायची ती पाऊस ओसरल्यावर, रात्री थंड होऊ लागल्या की. नवी कुंडी किंचितच मोठी घ्यावी. कंद आणि कुंडीची कड यांत दोन-तीन सेंटिमीटर जागा पुरते. पाणी झटकन निचरणारी माती घालावी आणि कंदाचा वरचा भाग मातीबाहेर राहू द्यावा. बटाट्यासारखे तुकडे करून लावण्याचा मोह टाळावा. सायक्लेमेनचा कंद दरवर्षी मोठा होतो, पण त्याला पिल्ले होत नाहीत आणि तुकडे केले तर ते कुजतात. एवढे सांभाळूनही आपल्या हवेत सगळीच झाडे दुसरा हिवाळा पाहतात असे नाही. एका हंगामाचे फूल म्हणून आणले आणि टिकले तर आनंद, असे धरून चालावे.

कळलावी मात्र आपल्याच मातीची

कळलावीचे वर्ष मिरगाच्या पावसाशी बांधलेले असते. पन्हाळा, राधानगरी, गगनबावडा या बाजूला पावसाळ्यात कुंपणातून आणि झुडपांतून ती वर चढताना दिसते. तिचे पान टोकाला निमुळते होत जाते आणि ते टोकच वळून तणाव्याचे काम करते. मिळेल त्या काडीला विळखा घालत वेल चढतो. फुलाच्या पाकळ्या सायक्लेमेनसारख्याच मागे वळलेल्या असतात. आधी हिरवट, मग पिवळ्या आणि शेवटी लालभडक होत जातात. अग्निशिखा हे नाव त्यावरूनच पडले. वाघनखी, खड्यानाग अशीही तिची नावे आहेत. कोकणात तिला गौरीचे हात म्हणतात, कारण ती गौरी-गणपतीच्या दिवसांत ऐन बहरात असते. तमिळनाडूचे हे राज्यफूल आहे आणि झिंबाब्वेचे राष्ट्रीय फूल. लिनियसने 1753 मध्ये तिला शास्त्रीय नाव दिले ते ग्लोरिओसा सुपर्बा, म्हणजे वैभवशाली आणि दिमाखदार.

कुंडीत लावायला ती अवघड नाही. मे महिन्याच्या अखेरीस वळीव पडून गेला की कंद लावावा. कोल्हापूरची काळी माती पाणी धरून ठेवते, त्यात कंद कुजतो. म्हणून लाल माती, जाड वाळू आणि जुने कुजलेले शेणखत समप्रमाणात मिसळावे. बारा इंची कुंडीत कंद आडवा ठेवून वर दोन-तीन इंच माती घालावी. हा कंद नांगरासारखा, दोन फाट्यांचा असतो. संस्कृतातले लांगली हे नाव त्यावरूनच आले आहे. कोंब फाट्याच्या टोकाशीच असतो. टोक मोडले तर तो कंद बहुधा उगवत नाही, म्हणून काढताना आणि लावताना टोक सांभाळावे. कोंब दिसला की लगेच काठी किंवा जाळी द्यावी. वाढलेला वेल नंतर वळवायला गेले तर तुटतो.

जुलैपासून फुले येतात. ऑक्टोबर-नोव्हेंबरात पाने पिवळी पडू लागली की पाणी थांबवावे. या काळात जमिनीखाली एक मोठा बदल होऊन गेलेला असतो. यंदा लावलेला कंद खर्च होऊन नुसती साल उरते आणि त्याच्या जागी नवा कंद तयार झालेला असतो. म्हणून दरवर्षी कुंडी बदलणे कळलावीला मानवते. वेल पूर्ण वाळल्यावर कुंडी तशीच कोरडी ठेवता येते किंवा कंद काढून कोरड्या वाळूत साठवता येतो. बियांपासून लावलेल्या रोपाला फूल यायला काही वर्षे जातात. त्यामुळे कंद रानातून उपटून आणू नये. एका कंदामागे निसर्गाची काही वर्षे गेलेली असतात. नर्सरीतून घ्यावा किंवा ओळखीच्या बागेतून घ्यावा.

नावातच इशारा

कळलावी म्हणजे कळा लावणारी. प्रसूती अडली की तिचा कंद उगाळून पोटावर किंवा तळपायाला लावण्याची चाल महाराष्ट्रात अनेक भागांत होती. संस्कृतात तिला गर्भपातिनी असेही नाव आहे. गमतीचा भाग असा की हजारो मैलांवर ग्रीक वैद्यांनी सायक्लेमेनच्या कंदाला अगदी हेच काम दिले होते. पहिल्या शतकातल्या डायोस्कोरिडीसने नोंदवले आहे की, गर्भवतीने हा कंद ओलांडला तरी गर्भपात होतो, असे लोक म्हणतात. दोन वेगळ्या खंडांत दोन वेगळ्या कंदांभोवती एकच भीती आणि एकच आशा जमा झाली होती. बाळंतपणात बायका मरत होत्या आणि हाताशी दुसरे काही नव्हते, हे त्यामागचे साधे कारण.

आज ते कारण उरलेले नाही. गर्भवतीला कळलावीचा कंद पोटात देणे म्हणजे विष देणे आहे. तिने प्रसूती सुखरूप होते याला आधार नाही, आणि आई व बाळ दोघांच्याही जिवाला धोका आहे. 2011 पासून जननी शिशु सुरक्षा कार्यक्रमाखाली सरकारी रुग्णालयात प्रसूती, सिझेरियन, औषधे आणि ने-आण यांचा खर्च घ्यायचा नाही असा नियम आहे. कळा लांबल्या तर 108 ला फोन करावा. कंद शोधत बसू नये.

आयुर्वेदाच्या रसग्रंथांनीही या झाडाला सौम्य मानलेले नाही. लांगलीची गणना उपविषांत होते आणि गोमूत्रातले शोधन केल्याशिवाय ती वापरू नये असे सांगितले आहे. औषधे व सौंदर्यप्रसाधने नियमांच्या ज्या अनुसूचीत आयुर्वेदातली विषारी द्रव्ये दिली आहेत, तीत वत्सनाभ, धोत्रा, कण्हेर यांच्या पंगतीत लांगलीचे नाव आहे. अशी औषधे वैद्यकीय देखरेखीखालीच घ्यायची असतात. ‘झाडपाल्याचे आहे, अपाय नाही’ हे वाक्य कळलावीच्या बाबतीत पूर्णपणे खोटे आहे.

एकाच रेणूची दोन रूपे

कोल्चिसिन हे द्रव्य पेल्टिए आणि कॅव्हेंटू या फ्रेंच शास्त्रज्ञांनी 1820 मध्ये वेगळे केले. ते त्यांना युरोपातल्या कोल्चिकम या कंदात सापडले होते. कळलावी त्याच कुळातली आहे आणि तिच्यातही हेच द्रव्य असल्याचे 1915 मध्ये दाखवून देण्यात आले. आज तमिळनाडूत कळलावीची शेती होते, ती या द्रव्यासाठीच. तिथले बी औषध कंपन्यांकडे जाते.

कारण कोल्चिसिन हे औषधही आहे. गाऊटमध्ये सांध्यात युरिक ॲसिडचे स्फटिक साचतात आणि पायाचा अंगठा रात्रीत सुजून लाल होतो. त्या झटक्यावर कोल्चिसिनची अर्धा मिलिग्रॅमची गोळी दिली जाते. 2023 मध्ये अमेरिकेच्या औषध प्रशासनाने काही हृदयरुग्णांसाठीही याच छोट्या मात्रेला मान्यता दिली. मात्र औषधाची मात्रा आणि विषाची मात्रा यांच्यातले अंतर या गोळीत फार कमी आहे. मूत्रपिंडाचा आजार असेल, तर गोळी शरीरात साठत जाते. क्लॅरिथ्रोमायसिनसारखी काही प्रतिजैविके सोबत घेतली तरी तसेच होते. म्हणून शेजाऱ्याला लागू पडली म्हणून ही गोळी घेऊ नये. दुखते म्हणून आपल्या मनाने जास्तीची गोळीही घेऊ नये. कारखान्यात मोजूनमापून केलेल्या गोळीची ही गोष्ट, तर कुंडीतल्या कंदात किती कोल्चिसिन आहे हे कोण मोजणार? एकाच वेलाच्या दोन कंदांतसुद्धा ते सारखे नसते.

हे द्रव्य पेशीच्या विभाजनावर घाला घालते. पेशी दोन होताना आतमध्ये धाग्यांसारखी सूक्ष्म नळ्यांची चौकट उभी राहते, ती कोल्चिसिन उभी राहू देत नाही. त्यामुळे शरीरात जिथे पेशी सतत नव्या होतात, तिथे पहिला फटका बसतो. आतड्याचे अस्तर, रक्त तयार करणारी अस्थिमज्जा, केसांची मुळे ही ती ठिकाणे.

उलटी-जुलाब थांबले म्हणजे संपले नाही

कळलावी पोटात गेल्यावर काही तासांत तोंडा-घशाची आग, मळमळ, उलट्या आणि पाण्यासारखे जुलाब सुरू होतात. दिसायला हे अन्नातून झालेल्या विषबाधेसारखेच असते. ‘काल बाहेरचे खाल्ले असेल’ म्हणून घरीच लिंबूपाणी दिले जाते. काही रुग्णांत दुसऱ्या दिवशी उलट्या कमी होतात आणि घरच्यांचा जीव भांड्यात पडतो.

खरा धोका त्यानंतर असतो. दुसऱ्या-तिसऱ्या दिवसापासून रक्तदाब खाली जाणे, लघवी कमी होणे, हृदयाचे ठोके बिघडणे, दम लागणे असे एकामागोमाग एक अवयव अडचणीत येऊ शकतात. त्याच सुमारास अस्थिमज्जा थंडावते. पांढऱ्या पेशी आणि प्लेटलेट घटतात, मग जंतुसंसर्ग आणि रक्तस्राव होतो. यातून जो वाचतो, त्याचे केस एक-दोन आठवड्यांनी पुंजक्यांनी गळू लागतात. श्रीलंकेतल्या अशाच एका रुग्णाची हकीकत 1966 मध्ये ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये आली होती. तिथे कळलावीचा कंद खाण्याचा कंद समजून शिजवून खाल्ल्याच्याही नोंदी आहेत. शिजवल्याने हे विष जात नाही.

यावर हाताशी असलेला उतारा नाही. 1995 मध्ये फ्रान्समधल्या डॉक्टरांनी कोल्चिसिनला पकडणाऱ्या प्रतिपिंडांचे तुकडे वापरून एका अत्यवस्थ रुग्णाला वाचवल्याचे प्रसिद्ध केले, पण ते औषध बाजारात आले नाही. डायलिसिसनेही हे द्रव्य शरीरातून बाहेर काढता येत नाही. लवकर आलेल्या रुग्णाला सक्रिय कोळसा देता येतो. पुढे सलाईन, अतिदक्षता विभाग आणि रोजच्या रक्ततपासण्या यांच्या आधाराने शरीराला सावरायला वेळ मिळवून द्यायचा असतो. म्हणून किती लवकर रुग्णालय गाठले यावर बरेच काही ठरते.

धोका स्वयंपाकघराच्या वाटेने

कळलावी कुणी फुलावरून ओळखायला चुकत नाही, चूक कंदावरून होते. आपल्याकडे रताळी, करांदे, कोनफळ, सुरण हे सगळे आवडीने खाल्ले जातात. महाशिवरात्र आणि आषाढी एकादशीला रताळ्यांचा ढीग घरात येतो. कळलावीचे कंद याच सुमारास, फेब्रुवारी ते जून, कुंडीबाहेर काढून ठेवलेले असतात. कुणीतरी ते कागदात गुंडाळून कांदा-बटाट्याच्या टोपलीशेजारी ठेवते. ज्याने ठेवले त्याला ते माहीत असते. घरात नवीन आलेल्या सुनेला, कामाला येणाऱ्या मावशींना, सुट्टीला आलेल्या नातवाला माहीत नसते.

रानातल्या कंदांचे तर आणखीच अवघड असते. खर्चुडी, म्हणजे कंदीलपुष्पाच्या काही जातींचे कंद गुराखी मुले पूर्वापार खात आली आहेत. शिवाजी विद्यापीठाच्या वनस्पती उद्यानात या दुर्मीळ होत चाललेल्या कंदीलपुष्पांचे जतन केले जाते. एकाच डोंगरात खाण्याचा कंद आणि विषारी कंद नांदत असतात. पानावरून त्यांची ओळख पटते, नुसत्या कंदावरून ती पटवण्याच्या फंदात पडू नये. शहरातून सहलीला गेलेल्यांनी रानातला कोणताही कंद चाखून पाहू नये.

कुंडी बदलताना

कळलावी लावू नये असे कुणी म्हणणार नाही. ती आपल्या रानाचे वैभव आहे. घरात गॅस सिलिंडर असतो, फिनेल असते, मच्छर मारायचे औषध असते. तीच शिस्त कंदाला लावायची आहे.

• कुंडी बदलताना रबरी हातमोजे घालावेत. नुसत्या स्पर्शाने सहसा विषबाधा होत नाही, पण रसाने त्वचेची आग होऊ शकते आणि तेच हात नकळत तोंडाला, डोळ्याला लागतात.

• खुरपे, पाटी, पोते हे सामान बागेसाठी वेगळे ठेवावे. स्वयंपाकघरातली विळी, सुरी किंवा परात यासाठी वापरू नये. काम झाल्यावर साबणाने हात धुवावेत.

• काढलेले कंद झाकणाच्या डब्यात कोरड्या वाळूत ठेवावेत. डब्यावर ठळक मराठीत ‘कळलावी – विषारी – खाऊ नये’ असे लिहावे आणि डबा स्वयंपाकघराबाहेर, मुलांचा हात पोचणार नाही असा ठेवावा.

• कंद कुंडीतच ठेवणार असाल, तर रिकाम्या दिसणाऱ्या कुंडीत नावाची पट्टी खोचावी. ‘रिकामी आहे’ म्हणून तीत दुसऱ्याच कुणी कोथिंबीर पेरायला घेतलेली नसावी.

• घरात लहान मूल असेल तर फूल सुकताच देठासह कापावे. शेंग पिकून उकलली की आतले लालसर बी मुलांना खुणावते आणि तेही विषारीच आहे.

• वाळलेला वेल आणि खराब कंद रस्त्याकडेला किंवा उकिरड्यावर मोकळे टाकू नयेत. गाई-शेळ्यांनाही त्याने विषबाधा होते. पिशवीत बांधून घंटागाडीत द्यावेत.

• कुणाला कंद भेट द्यायचा, तर सोबत ही माहितीही द्यावी.

कुंडीत हात घालणाऱ्यांनी, विशेषतः मधुमेह असणाऱ्यांनी, बोटाला खरचटले तर दुर्लक्ष करू नये. जखम वाहत्या पाण्याने आणि साबणाने धुवावी. धनुर्वाताचे इंजेक्शन शेवटचे कधी घेतले ते आठवत नसेल तर जवळच्या दवाखान्यात विचारावे. मातीशी रोजचा संबंध असणाऱ्याने दर दहा वर्षांनी ते घ्यायचे असते.

ताटलीतले पाणी

आणखी एक गोष्ट कंदाच्या विषाइतकी भीतीदायक वाटत नाही, पण पेठेत तिचा त्रास जास्त घरांना होतो. सायक्लेमेनला खालून पाणी द्यायचे म्हणून ताटली भरून ठेवली जाते आणि तशीच राहते. डेंगीचा एडिस डास अशाच स्वच्छ, साठलेल्या पाण्यात अंडी घालतो. अंड्यापासून डास व्हायला साधारण आठवडा ते दहा दिवस लागतात. पाणी नुसते ओतून देऊन भागत नाही, कारण अंडी ताटलीच्या कडेला चिकटून राहतात आणि कोरडी पडली तरी कित्येक महिने टिकतात. पुन्हा पाणी मिळाले की उमलतात. म्हणून आठवड्यातला एक दिवस ठरवून सगळ्या ताटल्या घासून, वाळवून पालथ्या घालाव्यात. कंदाच्या झाडांना तर साठलेले पाणी तसेही नकोच असते. गच्चीत रिकाम्या, उताण्या पडलेल्या कुंड्यांचेही असेच आहे.

कुणी खाल्लेच तर

कळलावीचा कंद, बी किंवा वेलाचा कोणताही भाग कुणी खाल्ल्याची शंका जरी आली, तरी त्रास सुरू होण्याची वाट पाहू नये. मिठाचे पाणी पाजून किंवा घशात बोट घालून उलटी करवू नये, त्याने श्वासनलिकेत अन्न जाण्याचा धोका असतो. तूप, दूध, लिंबू असे उतारेही शोधू नयेत. तोंडात उरलेला तुकडा काढून चूळ भरायला लावावी आणि 108 ला फोन करून थेट मोठे रुग्णालय गाठावे. कोल्हापुरात छत्रपती प्रमिलाराजे रुग्णालय, म्हणजे सीपीआर, चोवीस तास उघडे असते. जाताना उरलेला कंद पिशवीत घालून न्यावा किंवा वेलाचा फोटो काढून न्यावा. किती वाजता आणि साधारण किती खाल्ले ते सांगावे. डॉक्टरांना पहिल्या तासात या माहितीचा सर्वाधिक उपयोग होतो. उलट्या थांबल्या म्हणून सुट्टीचा हट्ट धरू नये, कारण पुढचे काही दिवस रक्तपेशींवर लक्ष ठेवावे लागते.

डिफेनबेकिया, कॅलेडियम अशा शोभेच्या पानांचा तुकडा मुलाने चावला, तर प्रकार वेगळा असतो. तोंडाची आग होते, ओठ-जीभ सुजतात. तोंड पुसून थंड पाणी किंवा दूध द्यावे. श्वास घ्यायला किंवा गिळायला त्रास होत असेल तर लगेच दवाखाना गाठावा.

यंदा पावसाळ्याआधी कुंड्या भरायला घ्याल, तेव्हा घरातल्या प्रत्येकाला एकदा गच्चीवर बोलवावे. कोणत्या कुंडीत काय झोपले आहे ते दाखवावे आणि नावाची पट्टी सगळ्यांसमोर लावावी. पाच मिनिटांचे हे काम आहे. मग मिरगाचा पाऊस पडला, कोंब वर आला आणि गौरीच्या दिवसांत वेल पेटला, की त्याच्याकडे निर्धास्तपणे पाहता येते.